नलू, तुझं वाक्य मी काढलं

इकडे ये वं नलू, अशी जवळ बस. आधी मला तुला रागवायचं आहे, बाकीचं मग. ही काय पद्धत झाली? धंतोलीच्या त्या दवाखान्यात तू भरती होतीस, तिथून मला फोन केलास, आपल्या त्या इंटरनेटवरच्या ज्ञानकोशावर घसा बसेपर्यंत बोललीस. मागे काहीतरी खडखडत गेलं म्हणून मी विचारलं, "कुठे आहेस वं?" तर म्हणतेस, "बजारात आहो ताई." बजारात! बजारात कोणी "पेशंटच्या नातेवाइकांनी बाहेर थांबा" म्हणून ओरडते काय? मी ते ऐकलं होतं, बाई. ऐकूनही तुझंच खरं धरलं. जगातल्या प्रत्येक माणसाला "कोण म्हणते?" असं विचारणारी तू, आणि स्वतः मला धडधडीत थाप मारून गेलीस. पुढचा फोन तुझ्या भाच्याचा आला. त्याने आधी माझी तब्येत विचारली, तेव्हाच मी खुर्चीत बसून घेतलं.

बघ, मी "तुला" लिहितेय. समोर असतीस तर "तुले" म्हटलं असतं. पण तुझा धाक अजून आहे हातावर. "ताई, बोलताना तुले-मले चालते, लेखात नाही," हे तू मला इतकं शिकवलंस, की आता किराण्याची चिठ्ठीसुद्धा शुद्ध मराठीत उतरते. दुकानदार हसतो.

तू गेल्यावर धरमपेठच्या वाचनालयात तुझी शोकसभा झाली. सगळे चांगलं बोलले. तू किती मनमिळाऊ होतीस, म्हणे. मी तोंडाला पदर लावला, लोकांना वाटलं रडतेय. रडत होते, पण हसूही येत होतं. तू आणि मनमिळाऊ! माझं पहिलं लिखाण वाचून तू म्हणाली होतीस, "ताई, हे छान आहे, पण यातलं काहीच टिकणार नाही."

त्याच वाचनालयात तर आपण भेटलो. कोणीही लिहावं, कोणीही सुधारावं असा इंटरनेटवरचा ज्ञानकोश, त्यात मराठीतून कसं लिहायचं ते शिकवायला एक बाई आल्या होत्या. मी हुडकेश्वरहून दोन ऑटो बदलून गेले होते. माझी शाळा सातवीत सुटली, बाकीचं शिक्षण म्हणजे याच वाचनालयातून घरी नेलेली पुस्तकं. मला कोणी तरी "तुम्ही लिहा" म्हणतंय, हेच नवीन होतं. मी घरी येऊन भुलाबाईच्या सणावर लिहिलं, एका बोटाने, चष्मा पुसत पुसत. दुसऱ्या दिवशी पाहते तर माझ्या प्रत्येक वाक्याच्या शेपटाला कंसात बारीक अक्षरं चिकटलेली: संदर्भ हवा. संदर्भ हवा. संदर्भ हवा.

मी तुला फोन लावला. तू त्यात आधीपासून लिहिणारी, आपली ओळख तेव्हा त्या वर्गात नंबर देण्याघेण्यापुरती.

"नलिनीताई, माझ्या लेखावर कोणी हवा सोडून राहिलं हो."

"कोणती हवा?"

"संदर्भ हवा. उन्हाळ्यात लू असते, पावसाळ्यात झड असते, ही कोणती?"

तुझा फोन हातातून पडला होता, हे तू नंतर कबूल केलंस. मला काय माहीत? आपल्याकडे चहा पाहिजे असतो, पाणी पाहिजे असतं, जावई पाहिजे असतो. हवा म्हटलं की खिडकीच उघडायची. तू हसून हसून दमल्यावर म्हणालीस, "ताई, ही पुण्याकडची हवा आहे. आपल्या भाषेत संदर्भ पाहिजे. म्हणजे हे तुम्हाले कोणी सांगितलं, कुठं छापलं आहे, ते खाली लिहा."

"मले कोणी सांगितलं? मी स्वतः भुलाबाई मांडली आहे ना लहानपणी!"

"तुम्ही मांडली हे मले कोण सांगेल? तुम्हीच. मग ते नाही चालत."

त्या दिवशी मला तुझा फार राग आला होता. जिने सण केला तिचं खरं नाही, आणि ज्याने तो लांबून पाहून पुस्तकात लिहिला त्याचं खरं? तू म्हणालीस, तसं नाही ताई. तुमचं खोटं आहे असं ते म्हणत नाही. ती तुमच्या वाक्याशेजारी ठेवलेली रिकामी खुर्ची आहे, कोणी साक्षीदार आला तर त्याने बसावं म्हणून. हे मला पटायला वेळ लागला. पण पटलं तसं अंगातच मुरलं. मग रविवारी जेवणं झाली की तुझा फोन यायचा, "आज हवा कशी आहे?" म्हणजे कुठल्या कुठल्या लेखावर संदर्भ मागितलेत. तू तिकडे शोधायचीस, मी इकडे. एक एक वाक्य वाचायचं आणि विचारायचं, कोण म्हणते? सापडलं तर लावायचं. नाही सापडलं तर खुर्ची राहू द्यायची. जित्या माणसाची बदनामी असेल तर वाट न बघता वाक्य उचलून बाहेर टाकायचं. आपला एवढाच कायदा.

तो कायदा माझ्या गल्लीतही शिरला. शेजारीण सांगायला आली, कोपऱ्यावरची सून भांडून माहेरी गेली. माझ्या तोंडून निघालं, "कोण म्हणते?" ती चहा न पिता गेली. सून बिचारी परीक्षेला गेली होती.

आता मुद्द्याचं बोलते. मुद्दा तुला माहीत आहे. सांभारवडी.

त्या लेखात कोणीतरी लिहून ठेवलं होतं, "ही वडी सांबारात बुडवून खातात." तुझा तो दिवसच खराब गेला. "ताई, सांभार म्हणजे आपल्याकडे कोथिंबीर, हे यांना सांगणारं कोणी नाही काय? उद्या म्हणतील झुणका इडलीसोबत खातात!" तू वाचनालयात जाऊन शब्दकोश धुंडाळलास, विदर्भात कोथिंबिरीला सांभार म्हणतात याचा संदर्भ लावलास, बुडवून खाणाऱ्याला नम्रपणे बुडवलंस, आणि अख्खा लेख नव्याने लिहिलास. पारी कशी लाटतात, आतून चिंचेचा कोळ आणि मसाला कसा चोळतात, सारणात खसखस-खोबरं किती, पारीचा पुडा कसा दुमडतात. प्रत्येक वाक्याखाली पुस्तकाचं नाव. एक वाक्य सोडून.

"पूर्वी नागपूरकडील घरांमध्ये ही वडी आधी वाफवुन मग तळत असत."

मी फोनवर विचारलं, "नलू, हे कोण म्हणते?"

तू म्हणालीस, "हे सगळ्यांना माहीत आहे."

नलू, "सगळ्यांना माहीत आहे" हे तू मला कधी चालू दिलं होतंस काय? मी म्हटलं, "मले नाही माहीत. मी तीन घरच्या सांभारवड्या खाल्ल्या, माहेरच्या, सासरच्या अन् विहिणीच्या. वाफवली तर पारी चिकट होते. तू अळूवडीचं इथं टाकून राहिली."

"माझी आई वाफवत होती."

"तुझी आई म्हणजे नागपूर काय?"

"हो," तू म्हणालीस. "माझ्यासाठी हो."

आणि फोन ठेवलास. मी मग माझ्या हाताने त्या वाक्यापुढे संदर्भ मागणारा साचा, तीच "संदर्भ हवा"ची शेपटी, लावला. तुझ्यावर, गुरूवर! वाटलं, आता शाबासकी मिळेल. मिळालं काय, तर पुढच्या रविवारी फोन नाही. त्याच्या पुढच्याही नाही. मग एकदाचा आला तेव्हा तू हवेचं बोललीस, आणि मी हवेचंच बोलले, आणि त्या वाक्याला आपण दोघी वळसा घालून जात राहिलो, रस्त्यात खोदकाम असलं की जातात तसं. नागपुरात त्याची सवय सगळ्यांनाच.

आणि मग तो बजारातला फोन. तो तू मला रिकामं बोलायला केला नव्हतास. बोलता बोलता मध्येच म्हणालीस, "ताई, वाफवली ना, की वडी तेल कमी पिते."

मी म्हटलं, "असेल."

"आई तेल पुरवून पुरवून वापरायची. बाबा गेल्यावर." मग म्हणालीस, "जाऊ द्या. तुमचा साचा राहू द्या तिथंच."

मी "बरं" म्हटलं. नलू, नुसतं "बरं"! तेवढ्यात मागून तो नातेवाइकांना बाहेर काढणारा आवाज आला आणि तू घाईने फोन ठेवलास. मला कळलं होतं. त्याच क्षणी कळलं होतं की वाफवणं ही नागपूरची जुनी रीत नव्हती, ती तुझ्या आईची ओढाताण होती. आणि तू "आमच्या घरी तेल नसायचं" असं न लिहिता "पूर्वी नागपूरकडील घरांमध्ये" असं लिहिलंस. आईच्या अडचणीला तू सबंध शहराचा मान दिलास. मला त्या वेळी म्हणायचं होतं, बाई गं, यात लाजण्यासारखं काय आहे, कमी तेलात सण साजरा करणारी बाई ही रीतच आहे, तिचंही लिहिता येईल, फक्त जसं आहे तसं लिहू. हे एवढं लांब वाक्य माझ्या ओठावर होतं. बाहेर पडलं ते "बरं".

त्यानंतरचं तुला माहीत नाही, म्हणून सांगते.

तुझ्या शोकसभेनंतर वानखेडे सरांचा फोन. आपल्या ज्ञानकोशाच्या गटातले, कॉलेजातून निवृत्त झालेले, सगळ्यांच्या वाढदिवसाला फुलांचे फोटो पाठवणारे तेच. आवाजात आनंद. "ताई, नलिनीबाईंचं काम झालं! सांभारवडीचा संदर्भ सापडला. कालच्या पेपरच्या पुरवणीत आलं आहे, अगदी तेच वाक्य. मी लावून टाकलं अन् तुमचा साचा काढला. आमची श्रद्धांजली समजा."

माझ्या डोळ्यात पाणी आलं. म्हटलं, नलू, जिंकलीस. शेजारणीकडून पुरवणी मागून आणली, देवघरासमोरच बसून वाचली. खरंच तेच वाक्य होतं. पूर्वी नागपूरकडील घरांमध्ये ही वडी आधी वाफवुन मग तळत असत. परत वाचलं. मग चष्मा पुसून तिसऱ्यांदा वाचलं.

"वाफवुन." वु ऱ्हस्व.

अगं, साऱ्या जगाचं शुद्धलेखन तपासणारी तू, तुझा एवढा एक उकार कायम चुकायचा. करुन, घेउन, वाफवुन. मी किती वेळा म्हटलं, "नलू, दीर्घ आहे तो," आणि तू किती वेळा म्हणालीस, "माझ्या बोटाले कळत नाही." पुरवणीत बाकी सगळे ऊन-वाले शब्द नीट दीर्घ छापलेले, भाजून, लाटून, घोळून. फक्त या एका वाक्यात तुझा ऱ्हस्व. म्हणजे लिहिणाऱ्याने तुझाच लेख उघडला, तुझंच वाक्य जसंच्या तसं उचललं, आणि आता तेच छापील वाक्य तुझ्या वाक्याची साक्ष द्यायला येऊन बसलं. स्वतःच्याच लग्नात स्वतःच करवली!

मी वानखेडे सरांना फोन केला. म्हटलं, "भाऊ, हा संदर्भ नाही, हा आरसा आहे."

त्यांना समजायला उकार दाखवावा लागला. समजल्यावरही म्हणाले, "असेल हो ताई. पण आता कोणाचं काय बिघडते? पेपरात छापलं आहे, नियमाप्रमाणे चालते. गेलेल्या बाईचं एक वाक्य राहू द्या ना."

"नियमाप्रमाणे चालते, नलूप्रमाणे नाही चालत."

"तुम्ही फार कडक झाल्या बुवा. शेवटी मैत्रीण होती तुमची."

"म्हणून तर," मी म्हटलं. "परकी असती तर पुढच्या रविवारी पाहिलं असतं."

मी तो संदर्भ काढला. त्यांनी परत लावला. मी परत काढला, आणि कारणाच्या रकान्यात लिहिलं, "पुरवणीतील मजकूर याच लेखावरून घेतलेला, ऱ्हस्व उकार पाहावा." मग ते थांबले. दोन दिवस फुलांचा फोटो नाही. तिसऱ्या दिवशी आला, झेंडूचा. माणूस चांगला आहे.

पण साचा परत लावून हात झटकावेत असं मला वाटेना. एकदा पेपरात छापलं म्हणजे आणखी चार जण तिथून उचलतील, आणि तुझ्या आईची वाफ सगळ्या नागपूरच्या नावावर खपत राहील, खोटी. म्हणून मी शोधायला बसले, आपण रविवारी शोधायचो तशी. वाचनालयातली पाककृतीची जुनी पुस्तकं काढली, महिला मंडळांच्या स्मरणिका, दिवाळी अंकांचे गठ्ठे. शिंका देऊन देऊन नाक लाल झालं. सांभारवडी पुष्कळ ठिकाणी मिळाली. वाफवलेली कुठेच नाही. मिळणार कशी? छापायला कृती देणाऱ्या बायकांच्या घरी तेल होतं.

मग आमच्या भजनी मंडळात विचारलं. बहुतेक जणींनी नाक मुरडलं, "वाफवतात काय वं सांभारवडी!" एक जण मात्र टाळ गुंडाळत होती ती थांबली. भजन संपल्यावर चपला घालताना हळूच म्हणाली, "आम्ही वाफवत होतो. तेल कमी लागते. पण ते कोणाले सांगायची गोष्ट आहे काय?"

नलू, मी तिथेच पायरीवर बसले. तुझी आई एकटी नव्हती बघ. कोण जाणे किती घरांत चाळणीवर वड्या वाफवल्या गेल्या असतील आणि कोणी बोललं नसेल. पण चपला घालताना सांगितलेलं ज्ञानकोशात चालत नाही. तूच शिकवलंस.

म्हणून मी शेवटी तुझं वाक्य लेखातून काढलं. रागावू नकोस, आधी ऐक. टाकून नाही दिलं, लेखामागच्या चर्चापानावर नेऊन ठेवलं, जिथे आपण भांडायचो तिथेच. खाली लिहिलं: काही घरांत तेलाची बचत म्हणून वाफवत असावेत, छापील आधार मिळेपर्यंत लेखात घेऊ नये. उकार तसाच ठेवला. अवतरणात आहे, सुधारायचा मला हक्क नाही. तुझ्या हातचं एक वाक्य मी माझ्या हाताने कमी केलं. पण खोट्या साक्षीवर उभं राहिलेलं वाक्य तू स्वतः एक दिवस ठेवलं नसतंस, कोणाचंही.

आणि आता पुढचं, कारण मी इथे थांबणार नाही. आमच्या महिला मंडळाने पुस्तिका काढायचं ठरवलं आहे, अडीअडचणीच्या काळातल्या रांधण्याची. कमी तेलाची, बिनसाखरेची, उरलेल्या भाकरीची. मंडळात आधी कुरकुर झाली, "ही काय गरिबी छापायची गोष्ट आहे?" मी म्हटलं, चपला घालताना सांगतो ना आपण एकमेकींना, तेच बसून सांगू. हळूहळू बायका बोलायला लागल्या आहेत. एकीला आठवलं की दुसरी तिला खोडून काढते, मजा येते. संपादन मी करणार नाही आणि उद्या तिचा संदर्भ लेखात मी लावणार नाही, नाहीतर तीही स्वतःचीच करवली व्हायची. ते काम वानखेडे सरांच्या बहिणीने घेतलं आहे, ती मलाही उलटतपासणी केल्याशिवाय सोडत नाही. छापून झाल्यावर कोणाला योग्य वाटलं तर तो वापरेल. नाही वाटलं तर नाही. खुर्ची तर मांडून होईल.

प्रत्येक कृतीखाली, ती ज्या बाईची, तिचं नाव छापायचं आहे. चपला घालणाऱ्या बाईने तिचं नाव द्यायला होकार दिला, दोन दिवस विचार करून. आणि वाफवलेल्या वडीखाली तिच्या आधी तुझ्या आईचं नाव यायला पाहिजे, आठवण सांगणारी म्हणून तुझं. मी तुझ्या भाच्याला फोन केला. तो म्हणाला, कागदोपत्री आजीचं नाव गंगाबाई. मी लिहूनही घेतलं. मग तो म्हणाला, "पण ते लग्नात तांदळावर लिहून बदललेलं नाव. आत्या सांगायची, आजीला ते कधी आवडलं नाही. माहेरचं नाव तिला फार आवडायचं."

"काय होतं माहेरचं नाव?"

"ते आत्यालाच माहीत होतं."

इतकी वर्षं आपण रविवारी बोललो, नलू, आणि मी तुझ्या आईचं नाव कधी विचारलं नाही. ती जागा मी कोरी सोडायला सांगितली आहे. न आवडणारं नाव मी तिच्या वडीखाली छापू देणार नाही, आणि अंदाजाने तर मुळीच नाही. पण छापखान्याचा माणूस रोज विचारतो. तर तू असं कर, ये. धरमपेठेतून हुडकेश्वर लांब पडते, ऊन आहे, ही कारणं आता तुला नाहीत. स्वप्नात ये, दुपारच्या झोपेत ये, पोळ्या करताना मागे उभी राहा. वाक्य काढलं म्हणून चार शब्द सुनवायचे असतील तर तेही सुनव. फक्त तेवढं नाव सांगून जा. लवकर ये वं.